घर सोडून स्वतंत्र राहायचंय: आधी खोली शोधायची की आधी कागद जमवायचे?

पाटी_पेन्सिल
आमच्या तालुक्यातल्या अभ्यासिकेत येणाऱ्या मुलींसाठी दोन पानी माहितीपत्रक काढायचं चाललंय. वय १९ ते २६, अविवाहित, पुण्या-नाशकात नोकरी लागलेली किंवा लागायच्या बेतात. घरी मारझोड वगैरे नाही. पण "जायचं तिथं लग्नानंतर नवऱ्याबरोबर जा" हे ठरलेलं, आणि बँकेचं पासबुक, फोनचं सिम, दहावीचं प्रमाणपत्र हे सगळं वडिलांच्या कपाटात.

कविता, प्रेरणादायी वाक्यं नकोत. कुठला कागद, कुठलं कार्यालय, किती पैसे, कुठे अडतं ते सांगा. माझं मत असं की खोली सगळ्यात शेवटी. आधी सिम, मग आधार, मग बँक. खोली मिळते हो, पण ओटीपी बाबांच्या फोनवर जात असेल तर त्या खोलीचं भाडंसुद्धा त्यांना विचारूनच भरावं लागतं.

कोथिंबीर_जुडी
क्रम कागदावर छान दिसतो. प्रत्यक्षात ऑफर लेटर येतं २० तारखेला आणि रुजू व्हायचं असतं १ तारखेला. दहा दिवसांत काय काय करणार? पहिला महिना पीजीत (पेइंग गेस्ट म्हणून) काढायचा आणि उरलेलं तिथून करायचं. पत्रकात हेच लिहा.

ओटीपी_आजोबा
पीजी ठीक, पण सिमचं काम गावातच उरकून निघा. एका दिवसाचं आहे.

१) वडिलांच्या नावावरचं सिम स्वतःच्या नावावर करायला त्यांची संमती लागते. त्या वाटेला जाऊच नका. स्वतःच्या आधारवर नवीन सिम घ्या. एका व्यक्तीला नऊपर्यंत घेता येतात. तुमच्या नावावर आधीच कुणी कुणी सिम काढलीत ते संचार साथी या सरकारी साइटवर दिसतं, तेही बघून घ्या. कधी कधी अख्खं घर मुलीच्या आधारवर बोलत असतं.

२) आधार केंद्रात जाऊन मोबाईल नंबर बदला. तिथे बोटांचे ठसे लागतात. जुना नंबर हातात असायची गरज नाही आणि वेगळा पुरावाही लागत नाही. फी शंभराच्या आत. पावती जपा, बदल व्हायला काही दिवस जातात.

३) आधारला नवा नंबर लागला की मगच डिजिलॉकर (कागदपत्रं ऑनलाइन ठेवायचं सरकारी ॲप), आयकर, बँक, पीएफचा यूएएन (पीएफ खात्याचा कायमचा क्रमांक). सगळीकडे आधारचाच ओटीपी मागतात. हा क्रम उलटा केला की प्रत्येक ठिकाणी अडकायला होतं.

४) फोन भावाने "सेट करून दिलेला" असेल तर गूगल खातं कुणाचं आहे, लोकेशन कुणाला दिसतंय, आणि व्हॉट्सॲपच्या 'लिंक्ड डिव्हाइसेस'मध्ये कुणाचा लॅपटॉप बसलाय ते आधी पाहा.

झणझणीत_मिसळ
आजोबा, तुमच्या नाती तुमच्यापासून काय लपवणार!

ओटीपी_आजोबा
लपवू नयेत म्हणूनच शिकवलंय.

खतावणी
बँकेचं मी सांगते, यात गोंधळ जास्त.

वडिलांबरोबरचं जॉइंट खातं बहुतेकदा 'आयदर ऑर सर्व्हायव्हर' असतं. म्हणजे पगार जमा झाला की वडीलही काढू शकतात, बँक अडवत नाही. त्यातून एकाचं नाव काढायचं तर सगळ्या खातेदारांच्या सह्या लागतात. म्हणून ते खातं आहे तसं राहू द्या, त्यावर वाद घालू नका. स्वतःच्या एकटीच्या नावाने नवं खातं काढा आणि पगार तिकडे वळवा. शक्यतो वेगळ्या बँकेत. तालुक्याच्या शाखेत काढलंत तर तुम्ही घरी पोचायच्या आत बातमी पोचेल. शून्य शिल्लक चालणारं बेसिक बचत खातं कुठलीही बँक देते. व्हिडिओ केवायसी (व्हिडिओ कॉलवर ओळख पडताळणी) करायची तर बहुधा मूळ पॅन कार्ड हातात लागतं, फोटो चालत नाही.

लहानपणी 'पालक' म्हणून वडिलांच्या सहीने काढलेलं खातं असेल तर १८ पूर्ण झाल्यावर नवी केवायसी आणि नवी सही द्यावी लागते. तोवर खातं अडकतं.

आणि सुकन्या समृद्धी! योजना जानेवारी २०१५ मध्ये आली, तेव्हा दहा वर्षांच्या आतल्या मुलींची खाती निघाली. त्यातल्या कितीतरी आता १८ च्या पुढे आहेत. १८ झाल्यावर ते खातं मुलीनेच चालवायचं असतं, तिची कागदपत्रं पोस्टात किंवा बँकेत देऊन. शिक्षणासाठी निम्म्यापर्यंत रक्कम काढता येते, त्याला प्रवेशाचा आणि फीचा कागद लागतो. पूर्ण मुदत खातं उघडल्यापासून २१ वर्षं. हे पैसे "लग्नाचे" आहेत असं घरात सगळे धरून चालतात, पण नियमात मुदतीनंतर ते तिचे आहेत, लग्न होवो न होवो.

कोथिंबीर_जुडी
खतावणी, सुकन्याचं माहीत नव्हतं. वाचनखूण साठवली.

दुय्यम_निबंधक_नव्हे
आता भाडेकरार. पत्रकाचं निम्मं पान याला द्या.

'११ महिन्यांचा करार असला की नोंदणी लागत नाही' हे महाराष्ट्रात चुकीचं आहे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा १९९९, कलम ५५. लिव्ह अँड लायसन्स करार, म्हणजे आपण ज्याला भाडेकरार म्हणतो तो, लेखी आणि नोंदणीकृतच हवा, मुदत कितीही असो. नोंदणी करणं ही मालकाची जबाबदारी. केली नाही आणि वाद झाला तर अटींबाबत भाडेकरूचं म्हणणं धरलं जातं, मालकाने उलट सिद्ध करेपर्यंत. पाचशेच्या स्टँपवर नोटरी करून "झाला करार" म्हणतात, तो कागद पत्त्याचा पुरावा म्हणून ऐन वेळी दगा देतो.

खर्चाचं उदाहरण. भाडं १८,०००, परत मिळणारं डिपॉझिट ६०,०००, मुदत ११ महिने. एकूण भाडं १,९८,०००. डिपॉझिटवर वर्षाला १० टक्के धरून ११ महिन्यांचे ५,५००. बेरीज २,०३,५००, त्याच्या पाव टक्का मुद्रांक शुल्क, म्हणजे पाचशे-सहाशेच्या घरात. नोंदणी फी शहरी भागात १,०००, ग्रामीण भागात ५००. वर एजंट घरी येऊन अंगठे आणि फोटो घेतो त्याची मजुरी, ती आधी ठरवा. सगळं ऑनलाइन होतं. मालक, भाडेकरू आणि दोन साक्षीदार यांचे आधार लागतात.

करारात काय बघायचं:
राहणाऱ्या सगळ्या मुलींची नावं 'लायसन्सी' (भाड्याने राहणारी) म्हणून हवीत. एकीचंच नाव असलं आणि तीच सोडून गेली की बाकीच्या हवेत लटकतात. डिपॉझिट कुणी किती दिलं ते बँकेच्या व्यवहार क्रमांकासकट, आणि परत कुणाच्या खात्यात जायचं तेही. रोख देऊ नका. नोटीस दोन्ही बाजूंनी एक महिना. लॉक-इन (जिच्या आत घर सोडता येत नाही ती मुदत) किती, आणि नोकरीची बदली झाली तर काय. रंगकामाचे पैसे कापणार असतील तर आकडा आत्ताच. मालकाला घरात यायचं असेल तर आदल्या दिवशी कळवून.

ताबा घेताना वीज मीटरच्या रीडिंगचा, भिंतीच्या ओलीचा, नळांचा व्हिडिओ काढून त्याच दिवशी मालकाला पाठवा. आणि लॅचचं कुलूप स्वखर्चाने बदला, आधीच्या भाडेकरूंकडे किती चाव्या राहिल्यात ते मालकालाही माहीत नसतं.

मालकीणबाई
घरमालकांची बाजूही लिहा की. एकट्या मुलीला घर द्यायला भीती तिच्या चारित्र्याची नसते (काहींना असते, त्यांचं सोडा). भीती असते ती तिघींच्या जागी सहाजणी राहण्याची, आणि एकीचं लग्न ठरलं की उरलेल्या दोघींनी भाडं कमी करा म्हणण्याची. त्यावर उत्तर घेऊनच घर बघायला या. ऑफर लेटर किंवा तीन महिन्यांच्या पगाराच्या चिठ्ठ्या, कंपनीचं ओळखपत्र, शहरातल्या एका ओळखीच्या माणसाचा नंबर. "एकजण सोडून गेली तरी नवी येईपर्यंत पूर्ण भाडं आम्ही देऊ" हे स्वतःहून म्हटलंत तर निम्मी घासाघीस संपते. आम्ही मावस बहिणी आहोत असलं काही सांगू नका. आधार कार्डावर आडनावं आणि गावं असतात.

पोलिसांकडे भाडेकरूची माहिती देणं मालकाचं काम आहे, पुणे-मुंबईत ऑनलाइन होतं. न दिल्यास मालकावर गुन्हा होऊ शकतो. ते "मुलींचं चारित्र्य तपासणं" नाही, सगळ्यांनाच आहे.

झणझणीत_मिसळ
मालक तयार, मालकीण तयार, मुलगी तयार. आणि मग जिन्यात भेटतात सेक्रेटरीकाका.

उपविधी_१०१
सेक्रेटरीकाकांसाठी: सदस्याने आपली सदनिका लिव्ह अँड लायसन्सवर द्यायला सोसायटीची पूर्वपरवानगी लागत नाही. कराराची प्रत आणि पोलिसांकडे दिलेल्या माहितीची प्रत देऊन कळवावं लागतं. बिनभोगवटा शुल्क (मालक स्वतः राहत नसल्याबद्दल सोसायटी घेते ते) सेवा शुल्काच्या १० टक्क्यांपेक्षा जास्त घेता येत नाही, शासनाचा १ ऑगस्ट २००१ चा आदेश आहे. "अविवाहित म्हणून जादा हजार रुपये" असलं काही नसतं. तक्रार उपनिबंधक, सहकारी संस्था यांच्याकडे. पण ती सदस्याने, म्हणजे मालकाने करायची असते. म्हणून भांडणारा मालक मिळणं महत्त्वाचं. घाबरट मालकाच्या घरात कायदा तुमच्या बाजूने असून काही उपयोग होत नाही.

शेवग्याची_शेंग
सगळे थेट फ्लॅटवरच. नोकरी करणाऱ्या महिलांची वसतिगृहं विसरलात? केंद्राच्या योजनेतून चालणाऱ्यांना आता 'सखी निवास' म्हणतात. पगाराची मर्यादा महानगरात महिना ५०,०००, इतरत्र ३५,०००. भाड्यालाही वरची मर्यादा: एकटीची खोली असेल तर पगाराच्या १५ टक्के, दोघींची असेल तर १० टक्के, मोठ्या सामायिक खोलीत साडेसात टक्के. जेवणाचे वेगळे. म्हणजे २०,००० पगारावर दोघींच्या खोलीचे जास्तीत जास्त २,०००. अडचण एकच, जागा कमी आणि रांग मोठी. जिल्हा महिला व बालविकास कार्यालयात यादी मिळते. रुजू व्हायच्या आधीच अर्ज टाकून ठेवा.

पीजी घेताना पावती देणार का ते पहिल्यांदा विचारा. पावती नाही तर घरभाड्याची करसवलतही नाही आणि डिपॉझिट मागायला पुरावाही नाही. दुसरं, पीजीचा पत्ता आधारवर चढवायला बहुतेक चालक कागद देत नाहीत. त्यामुळे गॅस, पासपोर्ट सगळं अडतं. गॅससाठी पाच किलोचा 'छोटू' सिलिंडर ओळखपत्रावर मिळतो, पत्त्याचा पुरावा लागत नाही.

देशपांडे_काका_६२
चर्चा उपयुक्त आहे, पण मला सूर थोडा खटकतो. आईवडील म्हणजे शत्रूपक्ष असल्यासारखं चाललंय. सिम गुपचूप, बँक गुपचूप. विश्वासात घेतलं तर बहुतेक घरी तोडगा निघतो.

कोथिंबीर_जुडी
काका, विश्वासात घ्यायलाही हातात काहीतरी लागतं. "मला जाऊ द्या ना" आणि "रुजू व्हायची तारीख ही, राहायची जागा ही, भाडं मी भरलंय" यात फरक आहे.

शेवग्याची_शेंग
काकांचा मुद्दा निकालात काढू नका. ज्या घरी फक्त काळजी आहे तिथे काही गोष्टी खरंच चालतात. जागा बघायला आईला बरोबर न्या, वडिलांना नको. वडील बघायला गेले की नकार द्यायलाच जातात. कराराची प्रत आणि घरमालकिणीचा नंबर घरी द्या. रात्रपाळीची भीती घातली तर सांगा: महाराष्ट्र दुकाने व आस्थापना अधिनियम २०१७ प्रमाणे रात्री साडेनऊ ते सकाळी सात या वेळेत स्त्रीला तिच्या संमतीशिवाय कामाला लावता येत नाही, आणि लावलं तर सुरक्षितता आणि वाहनाची सोय आस्थापनेने करायची. घरी पैसे पाठवायचे तर आकडा पहिल्या महिन्यातच ठरवा आणि तारखेला पाठवा. दर वेळी मागितल्यावर दिले की पुन्हा पगाराचा हिशेब सुरू.

देशपांडे_काका_६२
वडील नकार द्यायलाच जातात हे मान्य. :)

वकिली_बाणा
दुसऱ्या प्रकारच्या घरांबद्दल लिहितो, जिथे बोलून होत नाही. मुलगी निघून गेली की दुसऱ्या दिवशी 'हरवल्याची' तक्रार, हे ठरलेलं.

१८ पूर्ण झालेल्या व्यक्तीने कुठे राहावं हे तिचं तीच ठरवते. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ च्या हादिया प्रकरणात (सज्ञान मुलीच्या लग्नाविरुद्ध वडील कोर्टात गेले होते) हे स्वच्छ सांगितलं आहे. पण पोलीस ठाण्यातल्या हवालदाराला निकालपत्र दाखवायची वेळ येऊ नये म्हणून:

निघायच्या दिवशीच एक पानी पत्र. "मी, वय अमुक, स्वखुशीने, नोकरीसाठी अमुक शहरात राहायला जात आहे. माझ्यावर कुणाचा दबाव नाही. माझा नंबर हा." सोबत आधार आणि जन्मतारखेचा पुरावा. गावच्या आणि नव्या ठिकाणच्या, दोन्ही पोलीस ठाण्यांना स्पीड पोस्टाने आणि ईमेलने. पोचपावत्या ठेवा. गावच्या ठाण्याला नवा पत्ता कळवायची सक्ती नाही, फोन पुरतो.

पोलिसांचा फोन आला तर उचला. फोन बंद ठेवला की तपास वाढतो आणि मैत्रिणींच्या घरी जातो. जबाब द्यायला तयार आहे म्हणा. साक्षीदार म्हणून स्त्रीला ठाण्यात बोलावता येत नाही, ती राहते तिथे येऊन जबाब घ्यायचा, भारतीय नागरिक सुरक्षा संहिता कलम १७९. जबाब झाला की तक्रार बंद होते. "एकदा घरी जाऊन या, मग बघू" असं म्हटलं तर नम्रपणे नाही म्हणा आणि ते जबाबात लिहायला सांगा. जिवाला धोका वाटत असेल तर ११२, आणि सल्ला-निवाऱ्यासाठी १८१.

सगळ्यात महत्त्वाचं: घरातून दागिने, रोख काही उचलू नका. आजीने तुमच्यासाठी केलेल्या पाटल्या असल्या तरी. चोरीची तक्रार आली की तुमचा साधा प्रश्न फौजदारी होतो, आणि तिथे वयाचा दाखला कामाला येत नाही. कपडे, स्वतःचे कागद, फोन, बस्स.

खतावणी
आणि फोन वडिलांनी विकत घेतलेला असेल तर तोही ठेवून जा, स्वस्तातला घ्या. बिल कुणाच्या नावावर आहे हे ऐन वेळी निघतं.

गोदाकाठ
अवांतर: आपल्याकडची ही भांडणं जुनीच. १८८७ मध्ये मुंबईत कोर्टाने रखमाबाईंना नवऱ्याकडे नांदायला जा नाहीतर सहा महिने तुरुंगात जा असं सांगितलं, तेव्हा त्यांनी तुरुंग पत्करेन म्हटलं होतं. पुढे लंडनला शिकून डॉक्टर झाल्या.

अवांतरावरून आणखी अवांतर: स्वतंत्र राहणाऱ्या मुलीला भाऊबीजेला हमखास विचारतात, "तू तर कमावतेस, सही करून टाक." हक्कसोडपत्रावर (मिळकतीतला आपला हिस्सा सोडल्याच्या कागदावर) सही करायच्या आधी एक दिवस मागून घ्या. महाराष्ट्रात १९९४ च्या आणि देशभर २००५ च्या दुरुस्तीनंतर मुलगी वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतः सहदायाद, म्हणजे मुलासारखीच हिस्सेदार, आहे. २००५ ला वडील हयात असायची अट नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२० मध्ये स्पष्ट केलं. वडिलांच्या स्वकष्टार्जित मिळकतीचं ते मृत्युपत्र करू शकतात, तो भाग वेगळा. डिजिटल सहीचा सातबारा १५ रुपयांत ऑनलाइन मिळतो, वर्षातून एकदा काढून बघा. हक्कसोडपत्र एकदा नोंदलं की ते रद्द करून घेणं म्हणजे वर्षानुवर्षं कोर्ट. साधा कागद आहे म्हणून कुलमुखत्यारपत्रावर (आपल्या वतीने व्यवहार करायचा अधिकार दुसऱ्याला देणाऱ्या कागदावर) सही घेतात, ते तर त्याहून वाईट.

झणझणीत_मिसळ
ओवाळणीत पाचशे आणि सहीत पाच एकर. भावाला परवडतं.

दुय्यम_निबंधक_नव्हे
अवांतरात मीही भर घालतो. पुढे कधी घर घ्याल तेव्हा: राज्यात फक्त स्त्रियांच्या नावावर घर घेतलं तर मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत आहे, एप्रिल २०२१ पासून. ५० लाखांच्या घरात ५०,००० वाचतात. वडिलांचं किंवा भावाचं नाव सहमालक म्हणून घातलं की सवलत गेली. सहकर्जदार म्हणून वेगळं चालतं. "बँक म्हणते म्हणून नाव घाला" यात हा फरक सोयीस्कर विसरतात.

पाटी_पेन्सिल
धागा घर घेण्यापर्यंत पोचला, इथे अजून गादी घ्यायची आहे! मूळ मुद्द्यावर येऊ या. दोघींनी मिळून सुरुवातीला लागणारे पैसे मी असे धरलेत: डिपॉझिट ६०,०००, पहिलं भाडं १८,०००, दलाली एक महिना १८,०००, करार मजुरीसकट साधारण ३ ते ४ हजार. म्हणजे लाखाच्या घरात, प्रत्येकी पन्नास. वर गादी, शेगडी, कुकर, बादल्या. हे बरोबर का? आणि आजारपणाचं काय लिहू?

खतावणी
प्रत्येकी पन्नास धरा, पण पहिला पगार ३० दिवसांनी येतो, तोवरचं जेवण आणि बस धरलीच नाहीत. ६५,००० हातात नसतील तर आधी पीजी, मग फ्लॅट. इथे कोथिंबीर_जुडीचं बरोबर.

आजारपण: वडिलांच्या फॅमिली फ्लोटरमध्ये (अख्ख्या घराच्या एकत्र आरोग्य विम्यात) मुलं बहुधा २५ पर्यंतच असतात, आणि कंपनीचा विमा नोकरीबरोबर जातो. म्हणून पंचविशीच्या आत स्वतःची छोटी वैयक्तिक पॉलिसी काढा. पहिले ३० दिवस अपघात सोडून काही मिळत नाही. आधीपासूनच्या आजारांना जास्तीत जास्त तीन वर्षं थांबायला लागतं. थायरॉइड, पीसीओडी असेल तर अर्जात लिहा. लपवलं तर दावा नाकारायला तेच कारण पुरतं. रुग्णालयात १८ वरच्या शुद्धीवर असलेल्या रुग्णाची स्वतःची सही पुरते. तरी काउंटरवर 'नातेवाईक कुठेत' विचारतात, तेव्हा खोलीतल्या मैत्रिणीचं नाव आणीबाणीचा संपर्क म्हणून आधीच लिहून ठेवा. नॉमिनी म्हणून आईचं नाव घाला, वडिलांशी पटत नसेल तर त्यांचं घालायची सक्ती नाही.

शाळेची_घंटा
एक राहिलंच. मूळ प्रमाणपत्रं कपाटात आहेत आणि मिळत नाहीत, त्याचं काय?

वकिली_बाणा
दुय्यम प्रत काढायला 'हरवलं' असं खोटं प्रतिज्ञापत्र करू नका, कपाट उघडून दाखवलं की तुम्हीच अडकाल.

ओटीपी_आजोबा
डिजिलॉकरमधून दहावी-बारावीची गुणपत्रिका काढा. तिथून आलेला दस्तऐवज कायद्याने मूळ प्रतीच्या बरोबरीचा आहे. तुमचं वर्ष तिथे नसेल तर मंडळाच्या विभागीय कार्यालयात पडताळणीचा अर्ज करता येतो, शाळेकडून बोनाफाइड घ्या. कंपनीच्या एचआरला आधीच ईमेल करा की मूळ प्रती नंतर दाखवेन, सध्या डिजिलॉकरची लिंक देते. नवीन गावी पोचल्यावर पासपोर्ट काढून टाका. सज्ञान मुलीला पालकांची संमती लागत नाही, आई किंवा वडील यांपैकी एकाचंच नाव चालतं. ३६ पानी, दहा वर्षांचा, १,५०० रुपये. पोलीस पडताळणी नव्या पत्त्यावर होते, म्हणून नोंदणीकृत करार त्याआधी हवा.

पाटी_पेन्सिल
मग क्रम असा: सिम, आधार, डिजिलॉकर, बँक हे गावात. पीजी किंवा सखी निवासात पहिले दोन-तीन महिने. मग करार, आधारवर पत्ता, पासपोर्ट, विमा. वकिली_बाणा, त्या एक पानी पत्राचा मसुदा इथेच टाकाल का? पत्रकाच्या मागच्या पानावर छापतो, मुलींनी फक्त रिकाम्या जागा भरायच्या.

वकिली_बाणा
रविवारी टाकतो. तारीख आणि सही हाताने करायची, बाकी छापलेलं चालेल. आणि वर 'प्रति, वरिष्ठ पोलीस निरीक्षक' लिहा, नाव नको, बदल्या होतात.